रोमच्या बागेत सूर्यफूल

फरवानिया, कुवेत
शुक्रवार, ४ एप्रिल २०२५

असमा आपा,

सलाम. आधी पोटभर शिव्या घालून घे आणि मग पुढे वाच.

फोन तू उचलत नाहीस, व्हॉट्सअ‍ॅपवर माझं तोंड बंद केलंयस, तेव्हा राहिली ही जुनी रीत. आमच्या खालच्या मजल्यावरचा यासिर, आपल्या खाडीपलीकडचा, उद्या गावी निघतोय. कोणी जाणारा माणूस सापडला की त्याच्या बॅगेवर सगळ्या बिल्डिंगचा डोळा, तसा माझाही होता. खजूर, डोक्याचा बाम आणि हे पाकीट त्याच्याकडे दिलंय. पत्र तुझ्या हातात पडल्याशिवाय उठायचं नाही असं त्याला बजावलंय. त्याला चहा पाज. भांडण माझ्याशी आहे, त्याच्याशी नाही.

ईद बरी झाली. तुझ्या भावजयीने, अफ्रीनने, सांदणं केली ती दगड झाली, आणि दोष कुवेतच्या तांदळाला गेला. इक्राची बारावीची परीक्षा संपली. आता ती एक तर घरात लोळते नाही तर माझ्याबरोबर अर्दियाला कारखान्यात येते. मराठीत विचारलं तर इंग्रजीत उत्तर देते, पण आत्याचा, म्हणजे तुझा, विषय निघाला की 'फुफी' मात्र अगदी आपल्यासारखं म्हणते.

एक मजा सांगतो. माझं काम तुला ठाऊक आहे, गिऱ्हाइकाने निवडलेलं चित्र कॉम्प्युटरवर साफसूफ करून भिंतीएवढं छापायचं. सध्या डॉक्टर बुशरा म्हणून एक बाई आहेत. इंजेक्शनवाल्या नाहीत, इतिहासाच्या डॉक्टर. सबाह अल-सालेमला घर आहे. शिकवण्यातून निवृत्त झाल्या आणि आता बैठकीच्या खोलीची एक अख्खी भिंत चित्राने मढवतायत. चित्र एका इंग्रजाने दीडशे वर्षांपूर्वी काढलेलं, आणि त्यात दाखवलीय दोन हजार वर्षांपूर्वीच्या रोममधल्या घरातली सकाळ. संगमरवरी बाकावर मालकीण बसलीय, मोलकरीण तबक घेऊन येतेय, मागे बाग. मी फाइल उघडून दाखवली तर बाई पडद्यावर बोट ठेवून म्हणाल्या, "नझीर, ये फूल उधर किधर से आया?" इथल्या जुन्या माणसांना मोडकीतोडकी हिंदी येते.

फूल म्हणजे सूर्यफूल. मी म्हटलं, कोणी बी टाकलं असेल, उगवलं असेल. बाई खूप हसल्या. सूर्यफूल अमेरिकेतलं. रोमचं राज्य बुडून हजार वर्षं झाली तेव्हा कुठे ते समुद्र ओलांडून इकडे आलं. तसाच तो फड्या निवडुंग, तशीच कोपऱ्यातली घायपात, आणि मोलकरणीच्या तबकातले टोमॅटो. इक्रा तर नाचायलाच लागली. "अब्बा, द बुक ऑल्सो! दे हॅड स्क्रोल्स, ना?" मालकिणीच्या मांडीवर पाठ शिवलेलं पुस्तक होतं, आपल्या शाळेच्या पुस्तकासारखं, आणि त्या काळी घरोघर होत्या गुंडाळ्या. बाईंना इक्रा फार आवडली.

मी विचारलं, हे सगळं काढून टाकू का? तर नाही. बाईंना भिंत चुकांसकट हवीय. मैत्रिणी आल्या की चहाबरोबर त्यांना शोधायला लावणार. हौसेला मोल नाही म्हणतात ते खोटं नाही.

आणि एक गोष्ट त्या बोलल्या ती माझ्या डोक्यातून जात नाही. म्हणाल्या, हा चित्रकार आळशी नव्हता. संगमरवराच्या शिरा त्याने संग्रहालयात बसून उतरवल्या, दिवे खोदकामात निघालेले बघून काढले. चुकला कुठे, तर जे त्याच्या स्वतःच्या अंगणात रोज दिसायचं तिथे. परक्या गोष्टी माणूस तपासून घेतो, आपल्या न विचारता आत शिरतात.

आता मुद्द्यावर येतो, किती वेळ चित्रातून हिंडू.

तो फोटो तू पाहिलायस हे मला माहीत आहे. फेब्रुवारीत इथल्या कोकणी जमातीचा मेळावा होता, मुलांनी घरच्या माणसांचे फोटो लावायचे आणि त्याबद्दल बोलायचं होतं. इक्राने लावला तो आपल्या अब्बांचा. अब्बा खाटेवर आहेत आणि मी त्यांना पाणी पाजतोय. ती माईकवर म्हणाली, माझे वडील कुवेतहून धावत गेले आणि माझ्या दादाअब्बांना त्यांनी शेवटचं पाणी पाजलं. लोक उठून मला मिठ्या मारायला आले. कोणीतरी सगळं गावच्या ग्रुपवर टाकलं, आणि त्याच दिवशी तू ग्रुप सोडलास.

मी तेव्हा तिथे नव्हतो हे तुझ्याहून जास्त कोणाला माहीत. फोटोत मी नंतर बसलोय. त्यासाठी थोडी जागा करावी लागली. ते असो.

इक्रा जूनमध्ये तिकडे येतेय. पुण्याच्या कॉलेजचं नक्की होईपर्यंत महिनाभर तुझ्याकडे राहणार, तिकीट काढलंय. आपा, तिला सांगू नकोस. खोटं बोल असं म्हणत नाही, नुसती गप्प राहा. तिने विचारलं तर विषय बदल. एवढंच मागणं आहे.

तुझा,
नझीर


शुक्रवार, २५ एप्रिल

आपा,

यासिर परतला. त्याला तू चहा दिलास, घावणे दिलेस, आमच्यासाठी सुकटीची पिशवी दिलीस, आणि त्याने निरोप विचारला तर म्हणालीस, "निरोप काय नाय." त्याला वाटलं सगळं आलबेल आहे. मला तसं वाटलं नाही.

आता मीही जरा तापलोय, तेव्हा लिहूनच टाकतो. असं काय आभाळ कोसळलं? फोटोत बसवून घेणं आपल्याकडे आजचं आहे का? बाजारातल्या स्टुडिओवाल्याचं दोन मजली घर त्याच्यावरच उभं राहिलं. कर्ता माणूस आखातात आणि लग्न गावात, मग हा त्याला मागच्या रांगेत उभा करायचा आणि पाय सोफ्यामागे लपवायचा, म्हणजे सावलीची भानगड नको. आपल्या खाडीपट्ट्यातल्या अर्ध्या निकाहांच्या फोटोंत नवरीचा बाप असाच हजर आहे. तुझ्या लग्नाच्या अल्बममध्ये मी मागे उभा आहे ना? मी तेव्हा सुलैबियाच्या गोदामात खोकी उचलत होतो. माझा पासपोर्टचा फोटो घेऊन स्टुडिओत कोण गेलं होतं? तू. माझा भाऊ नसेल तर मला अल्बमच नको म्हणून रडलीस, अम्मी सांगायची. म्हणून तर तुझ्या लग्नात सगळे हसतायत आणि मी एकटा इमिग्रेशनच्या खिडकीसमोर उभा असल्यासारखा दिसतो.

इथे मीही लोकांना तसंच बसवून देतो, कोणाकडून काही घेत नाही. छपाईच्या मशीनवर दत्तप्रसाद म्हणून कुडाळचा माणूस आहे, त्याला मी त्याच्या भावाच्या लग्नात अक्षता टाकायला उभा केला. त्याची आई तो फोटो देवाजवळ ठेवते. कोणाचं काय बिघडलं?

हे सगळं परवा अफ्रीनला ऐकवलं. ती कपड्यांच्या घड्या करत होती. सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "त्या फोटोंत तुम्ही माणूस वाढवलात. ह्यात कमी केलात." घड्या उचलून आत गेली.

थोडी जागा करावी लागली असं मी गेल्या पत्रात लिहिलं होतं. आपा, मी तुला पुसलं.

मूळ फोटो तुला आठवत असेल. शेजारच्या रबियाने तुझ्या फोनवर काढलेला. तू खाटेच्या कडेवर बसलीयस, डावा हात अब्बांच्या मानेखाली, उजव्या हातात पेला. तूच तो मला पाठवला होतास. इक्राने मेळाव्याच्या आधी विचारलं, अब्बा, तुमचा आणि दादाअब्बांचा एकत्र फोटो आहे का? नाही म्हणायची लाज वाटली. आहे, शोधून देतो, म्हणालो.

सुरुवातीला मी तुझ्या शेजारी बसणार होतो, खरंच सांगतो. पण खाट भिंतीला लागून, तिथे एकच माणूस मावतो. तुला खिडकीकडे सरकवून पाहिलं तर तू भेटायला आलेल्या पाहुणीसारखी दिसायला लागलीस. मग तुझी ओढणी काढली, मग खांदा, मग चेहरा. चेहऱ्याला काहीच वेळ लागला नाही, मागे नुसती भिंत होती.

अडला तो पेल्याचा हात. माझा तसा हात कुठल्याच फोटोत सापडेना, मी जिथे तिथे हात खिशात घालून उभा. शेवटी तुझाच राहू दिला. बांगड्या काढल्या, बोटं थोडी जाड केली. म्हणजे त्या फोटोत अब्बांना पाणी अजून तूच पाजतेयस. बाकीचा माणूस तेवढा माझा आहे.

हे लिहिताना कान तापलेत. वर चिडून जे लिहिलं ते खोडावंसं वाटतंय, पण राहू दे, तुला कळू दे मी कसा आहे तो.

आणि तरी मागणं तेच आहे. बेशरम म्हण. इक्राला सांगू नकोस. मी फार मोठा माणूस नाही हे सगळ्यांना ठाऊक आहे, ह्या एका मुलीला अजून ठाऊक नाही.

नझीर


शुक्रवार, २३ मे

आपा,

आता तू गप्प राहिलीस काय आणि बोललीस काय, सारखंच आहे. इक्राला कळलं.

बुशराबाईंची भिंत काल लागली. चहाला आम्हा तिघांना बोलावलं होतं. चित्र झकास दिसतं, खोलीत शिरल्यावर रोमन बाईच्या अंगणात आल्यासारखं वाटतं, सूर्यफुलं तर माझ्या डोक्याएवढी. बाईंच्या मैत्रिणी शोधत होत्या आणि इक्रा प्रत्येक वेळी त्यांच्या आधी बोट ठेवत होती. एकीने विचारलं, तुला कसं गं सापडतं? तर आपली पोरगी म्हणाली, अवघड ठिकाणी बघायचंच नाही, चित्रकाराला रोज काय दिसत असेल ते बघायचं. मला काय अभिमान वाटला. बावळट, बसलो हसत.

घरी आल्यावर ती पाण्याचा ग्लास घेऊन हॉलमध्ये त्या फोटोसमोर उभी राहिली. मेळाव्यानंतर तो फ्रेम करून तिथे टांगलाय. मी बूट काढत होतो.

"अब्बा, जरा इकडे या."

गेलो.

"युवर आर्म."

माझ्या डाव्या हाताला कोपराच्या खाली मोठा डाग आहे, तुला सांगितलं होतं. लॅमिनेशनच्या गरम रोलरने भाजलं होतं ते. तेव्हा इक्राच शाळेच्या कपड्यांत माझ्याबरोबर हॉस्पिटलात आली, डॉक्टरांशी अरबीत तीच बोलली, आणि पुढे रोज मलम तीच लावायची. फोटोत अब्बांच्या मानेखाली माझा डावा हात आहे, बाही वर सरकलेली, आणि त्यावर तो डाग. लोकांचे मस, वांग, मोडके दात मी साफ करत आलो, आणि स्वतःच्या हातावरचा तळव्याएवढा डाग मला दिसला नाही. रोजचाच ना.

"आय वॉज इन नाइन्थ व्हेन दिस हॅपन्ड," ती म्हणाली. "दादाअब्बा त्याच्या आधीच गेले होते."

मी काय म्हणालो असेन? "कॉम्प्युटरमुळे होतं कधी कधी असं." म्हणजे तोपर्यंतसुद्धा, आपा, तोपर्यंतसुद्धा.

"अब्बा, डोन्ट."

अफ्रीन स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभी होती. तिने मला वाचवलं नाही. बरं केलं.

"वेअर यू देअर?"

"नाही."

"ॲट ऑल?"

"नाही. दफन झाल्यावर पोचलो."

इक्रा रागावली की इंग्रजीत भांडते. काल ती मराठीत बोलली, तेव्हा समजलं की हे रागाच्या पलीकडचं आहे. "मी माईकवर बोलले, अब्बा. सगळ्यांसमोर. तुम्ही खाली बसून रडत होतात. मला वाटलं तुम्हाला दादाअब्बा आठवले."

रडत होतो खरा. ती बोलत होती तेव्हा मलाही मी तिथे दिसत होतो. हे तिला कसं सांगणार?

मग तिने पेल्याकडे बघितलं. "हा हात कोणाचा?"

"तुझ्या फुफीचा."

"मला फुफी दाखवा."

दाखवायला काही नव्हतं. आमच्याकडे कारखान्यात मूळ फाइलला हात लावायचा नाही, आधी तिची नक्कल करायची, हे मी नव्या पोरांना ओरडून ओरडून शिकवतो. हा एक मूळ फोटो मी स्वतः काढून टाकला, कॉम्प्युटरवरून आणि फोनमधूनही. चुकून नाही. तो असेपर्यंत माझा फोटो खोटा होता, म्हणून. तुझा जुना फोन विहिरीत पडला हेही मला माहीत होतं. म्हणजे तुझ्या त्या दिवसांचं जगात कुठेच काही उरलं नाही, आणि ते मी केलं. कोणी दुसऱ्याने माझ्या बहिणीशी असं केलं असतं तर मी त्याच्या दारात जाऊन उभा राहिलो असतो.

इक्रा म्हणाली, डिलीट झाला? मी म्हटलं, केला. ती तिच्या खोलीत गेली. आज जेवायला बसली, पण माझ्याकडे बघत नाही. तिकडे जायचं मात्र तिने रद्द केलं नाही. आता तर जाणारच, असं अफ्रीनला म्हणाली.

तिने विचारलं नाही ते तुला सांगतो. सुट्टी मिळाली नाही असं मी तेव्हा सगळ्यांना सांगितलं, तुलाही. सुट्टी मिळाली होती. तिकीट मी पुढे ढकललं. तू फोनवर म्हणाली होतीस, अब्बांना आता आपण ओळखू येत नाही. त्यांनी माझ्याकडे परक्यासारखं बघितलेलं मला नको होतं. भ्यालो. त्यापलीकडे काही कारण नाही.

नझीर


मंगळवार, ३ जून

आपा,

हे पत्र इक्राच्याच हातून येतंय. उघडणार नाही म्हणाली, आणि ती म्हणाली म्हणजे नाही उघडणार. ती माझ्यावर गेलेली नाही.

एक काम केलं, त्याचं काय झालं ते ऐक. गेल्या शुक्रवारी जमातीची बैठक होती. मी उभा राहिलो आणि सांगितलं की मेळाव्यातला तो फोटो खोटा आहे, अब्बांच्या जवळ मी नव्हतो, माझी बहीण होती, आणि मुलीला मीच फसवलं. मला वाटलं होतं लोक उठून जातील. निदान कोणीतरी थू म्हणेल.

एक म्हातारे चाचा म्हणाले, "जाऊं दे रे, आपण सगळेच असे. कोन पोचलाय वेळेवर?" चार जणांनी पाठीवर हात फिरवला. चहा आला. आणि निघताना दोघांनी मला बाजूला घेतलं, एकाला आईच्या जनाज्यात उभं राहायचं होतं आणि दुसऱ्याला पोराच्या शाळेतल्या बक्षीस समारंभात. "तुझं काम बेष्ट दिसतं," म्हणाले. मी नाही म्हटलं तर त्यांना राग आला. सगळ्यांनी मला फुकटात माफ करून टाकलं, आपा, आणि मला एवढी लाज आजवर कधी वाटली नव्हती. ज्यांचं मी काही बिघडवलंच नाही त्यांच्या माफीचं मी काय करू?

फोटो खाली उतरवलाय. मग वाटलं, तुला परत काढावं त्यात. बसलो शोधायला. तुझे फोटोच नाहीत माझ्याकडे. जिथे तिथे फोटो तू काढतेयस नाही तर आत जेवणाचं बघतेयस. सापडले ते लग्नाकार्यातले, जरीच्या कपड्यांतले. त्यातलाच एक चेहरा घेऊन खाटेशी बसवत होतो तर इक्रा मागे येऊन उभी राहिली. म्हणाली, "नका करू अब्बा. ती तेव्हा कशी दिसत होती ते तुम्हाला माहीत नाही." खरं आहे. जागरणं झालेली असमा कशी दिसते ते मी पाहिलेलं नाही. फाइल बंद केली.

मागचं मागणं मागे घेतो. तिला सगळं सांग, माझं काही झाकू नकोस. अब्बा शेवटी काय खायचे, काय बोलायचे, तू एकटीने कसं केलंस, मी तुला कधी विचारलंच नाही. पाच-साडेपाच वर्षांत एकदाही नाही. आता तीच विचारणार आहे. तुला वाटलं तर मलाही लिही, नाही तर नको.

तिला डास फार चावतात. मच्छरदाणी दे.

नझीर


१४ जून २०२५

नझीर,

इक्रा पोचली, बरी आहे. मच्छरदाणी दिली. घावणे खाते, माशाचे काटे काढता येत नाहीत, मी काढून देते. ईदला तिने सगळ्यांना आपल्या हाताने वाढलं. पोरगी गुणी आहे, ते अफ्रीनचं.

तुझी चारही पत्रं वाचली. पहिली तीन कपाटात ठेवली होती, इक्राने चौथं आणल्यावर सगळी एकदम काढली. तू फार लिहितोस. मी थोडंच लिहीन.

रबियाने ग्रुपवरचा तो फोटो मला आणून दाखवला तेव्हा तिला वाटलं मी हसेन. तुला वाटतं मी पुसली गेले म्हणून रागावले. वाईटच केलंस तू, त्यात शंका नाही, पण ग्रुप मी त्यासाठी सोडला नाही. मला धडकी भरली. मला वाटलं, तुला कळलं. कोणी सांगितलं असेल ते समजेना, कारण घरात मी आणि अब्बा दोघंच राहत होतो.

अब्बा मला ओळखत नव्हते हे तुला सांगितलं होतं. कोण म्हणून ओळखत होते ते सांगितलं नव्हतं. मी पेला पुढे केला की तोंड घट्ट मिटायचे. "तू कोन? नझीर कुठं हाय?" मी म्हणायची, अब्बा, मी असमा. मान फिरवायचे. पाण्यावाचून ओठ फुटले त्यांचे. मग एके दिवशी मी म्हटलं, मीच नझीर. तोंड उघडलं. त्यानंतर रोज मी नझीर. रबियाने फोटो काढला तेव्हाही मी नझीरच होते, तिला मात्र पत्ता नव्हता.

म्हणून मला तुझ्यावर नीट ओरडताही येईना. मला पुसायला मीच सुरुवात केली होती. पण मी ते त्यांच्या घशाखाली पाणी जावं म्हणून केलं. तू कशासाठी केलंस ते तू लिहिलंच आहेस.

तुझ्याकडे परक्यासारखं बघतील म्हणून तू आला नाहीस. माझ्याकडे बघितलं त्यांनी तसं. मी कुठे जाणार होते?

इक्राने आल्या दिवशीच विचारलं, दादाअब्बा शेवटी काय बोलले. तिला म्हटलं, आधी तुझ्या बापाला लिहिते, मग तुला सांगते. म्हणून हे लिहायला बसले. ती समोर बसून वाट बघतेय.

त्या शेवटच्या सकाळी पाणी पिऊन झाल्यावर त्यांनी माझा हात धरला. अगदी शुद्धीतल्या माणसासारखे बोलले. म्हणाले, "नझीर, दमलास रे बाबा. जा, नीज जरा."

मी म्हटलं, "नाय अब्बा."

मी दमले होते, नझीर.

असमा